पंच्याऐंशीच्या वरचं नाक

तुमच्या नाकाची रुंदी किती आहे? नाही ना ठाऊक? आणि लांबी? रुंदीला लांबीने भागायचं, शंभराने गुणायचं, आणि जो आकडा येईल त्यावरून तुम्ही माणसांच्या कुठल्या कपाटात बसता ते ठरवायचं, असा हिशेब तुमच्या तोंडावर कुणी कधी केलाय? नसेल केला, तर फार हुरळून जाऊ नका. तुमच्या दारात मोजमापाचा चिमटा घेऊन कुणी आलं नाही, एवढाच त्याचा अर्थ. ज्यांच्या दारात आले, त्यांना विचारून आले नव्हते.

ही गोष्ट एका साचेवाल्याची. कागदोपत्री त्याचा हुद्दा 'प्रतिकृती सहायक' होता, पण त्या नावाने त्याला हाक मारणारा अजून जन्माला यायचा होता. मानववंश संग्रहालयाच्या मागच्या अंगाला पत्र्याची एक खोली होती. तिच्यात एक लाकडी टेबल, दोन घमेली, प्लास्टरची पोती, एक गळका नळ, आणि सगळ्यावर पिठासारखी पांढरी धूळ. घरी जाताना कितीही अंग झटकलं तरी कानामागे थोडी उरायचीच. बायको म्हणायची, "गिरणीत कामाला असता तर निदान पीठ तरी आलं असतं घरात."

आधी तो बड्या लोकांच्या छतांवर प्लास्टरची वेलबुट्टी करायचा. अशाच एका छताखाली त्याला थोरल्या साहेबांनी शिडीवर चढलेलं पाहिलं. थोरले साहेब म्हणजे संग्रहालयाचे प्रमुख. माणसांच्या वंशांचे मोठे अभ्यासक. खोकले तरी चार भाषांत खोकताहेत असं वाटावं, एवढे विद्वान. खालूनच त्यांनी विचारलं, "द्राक्षं छान करतोस. माणसं करशील का?"

"माणसं देव करतो साहेब. मी साचा काढीन."

उत्तर साहेबांना आवडलं. नोकरी लागली.

काम असं: डोंगराकडच्या लोकांना ट्रकमधून आणायचे. अंगणात रांगेत बसवायचे. साहेबांचे विद्यार्थी पितळी चिमट्याने त्यांची डोकी मोजायचे, नाकं मोजायचे, एक जण आकडे ओरडायचा, दुसरा वहीत लिहायचा. मग निवडलेली माणसं पत्र्याच्या खोलीत यायची. साचेवाला त्यांना टेबलावर आडवं करायचा, केसांना फडकं बांधायचा, तोंडाला तेल चोपडायचा, नाकपुड्यांत दोन पोकळ काड्या बसवायचा आणि म्हणायचा, "आता दहा मिनिटं मेल्याचं सोंग घ्यायचं. हसलात तर पुन्हा मरावं लागेल." भाषा त्यांना कळायची नाही, पण सूर कळायचा. प्लास्टर सुकताना गरम होतं, माणूस घाबरतो. तेव्हा हा त्यांचा हात धरून बसायचा. शे-दीडशे माणसांचे हात त्याने असे धरले. पण एकाचंही नाव विचारलं नाही. वहीत नंबर, स्त्री की पुरुष, अंदाजे वय, डोक्याचा आकडा, नाकाचा आकडा आणि प्रकार असे रकाने होते. नावाचा रकाना नव्हता. आणि रकानाच नाही म्हटल्यावर विचारायचं कशाला, असं त्यालाही वाटलं. हे त्याने पुढे स्वतःच्या तोंडाने कबूल केलं, म्हणून इथे लिहायचं.

तयार झालेले चेहरे मोठ्या दालनात जायचे. तिथे चार काचेची कपाटं होती आणि प्रत्येकाच्या डोक्यावर रंगवलेली पाटी: कॉकेसॉइड, मंगोलॉइड, नेग्रॉइड, ऑस्ट्रेलॉइड. सगळी दुनिया चार कपाटांत. भांडी लावावीत तशी. त्यातलं पहिलं कपाट कुणाचं असेल ते सांगायला नको. कधी काळी कुठल्याशा पंडिताला दूरदेशच्या एका डोंगराकडून आलेली एक कवटी फार देखणी वाटली, म्हणून स्वतःसकट अर्ध्या जगाला त्याने त्या डोंगराचं नाव देऊन टाकलं: कॉकेसॉइड. आपला तो बाब्या! आणि बाकीच्यांची नाकं मोजत सुटले. आकडा सत्तरच्या आत, तर नाक अरुंद आणि माणूस शहाणा. पंच्याऐंशीच्या वर, तर नाक रुंद, माणूस 'आदिम'. शाळेत पंच्याऐंशी मिळाले तर पेढे वाटतात, इथे माणूस शेवटच्या कपाटात जायचा.

एका शनिवारी दुपारी साचेवाल्याच्या हातून सत्तेचाळीस नंबर पडला.

सत्तेचाळीस म्हणजे डोंगराकडची एक बाई, वय अंदाजे तीस. चेहरा सुकवून तो दालनात नेत होता. उंबऱ्याला पाय अडला आणि बाईचे चौदा तुकडे झाले. सोमवारी सकाळी बाहेरदेशचे एक मोठे तज्ज्ञ नेमका तोच संच बघायला येणार होते. साचा फोडूनच चेहरा काढायचा असतो, म्हणजे साचाही गेलेला. आणि ती बाई ट्रकने परत गेलेली, दोन दिवसांच्या वाटेवर. नोकरी लागून वर्षही झालं नव्हतं. त्याने तुकडे गोळा केले, खोलीमागच्या खड्ड्यात पुरले आणि घरी जाऊन न जेवता बसून राहिला.

बायको छापखान्यात कामाला होती, छापलेले फर्मे दुमडायला. दिवसभर कागद दुमडून तिची बोटं सुरीसारखी झाली होती आणि जीभ त्याहून. "काय झालं? तोंड का असं, भिंतीवरून पोपडा पडल्यासारखं?"

त्याने सांगितलं.

"मग? आता काय दुसरी बाई पैदा करणार आहात?"

तो तिच्याकडे बघत राहिला. वय तिचं एकोणतीस.

"अहो, असे काय बघताय? नाही हं. नाकात काड्या घालून मी झोपायची नाही. तुमचं डोकं ठिकाणावर आहे ना?"

दुसऱ्या दिवशी, रविवारी दुपारी, संग्रहालय बंद असताना ती पत्र्याच्या खोलीत टेबलावर झोपली होती. नाकात काड्या. "लवकर उरका," काड्या घालण्याआधी ती शेवटचं म्हणाली, "चुलीवर दूध ठेवून आलेय. शेजारणीला बघायला सांगितलंय, पण ती गप्पांत दुधाला विसरते."

आता इथे नीट लक्ष द्या. पुढचा सगळा घोळ याच दहा मिनिटांतला आहे. चेहऱ्यावर प्लास्टर दोन थरांत घालतात. पहिला थर पातळ. तो कडक होईपर्यंत थांबायचं. मग वरून जाड थर, आधाराला. पहिला ओला असतानाच दुसरा घातला तर सगळा भार खाली मऊ कातडीवर येतो, आणि चेहऱ्यात हाडाशिवाय पुढे आलेलं असं एकच असतं: नाकाचा शेंडा. ही गोष्ट साचेवाला झोपेतही चुकला नसता. पण पहारेकरी फेरी मारायला येणार होता, दूध उतू जाणार होतं, आणि टेबलावर परकं कुणी नव्हतं, घरचं माणूस होतं. घरच्या माणसाच्या बाबतीत आपण सगळेच घाई करतो. त्याने ओल्यावर ओला थर घातला. साचा निघाला तेव्हा तिच्या डाव्या भुवईचे दोन केस त्यात अडकून आले. "अगाई!" ती कळवळली. "आता भुवईपण देऊन टाकू का तुमच्या साहेबांना?" आणि साच्यातून चेहरा निघाला तेव्हा नाक बसलेलं होतं. फार नाही. पण बसलेलं.

त्याला ते दिसलं. दुसरं करायला वेळ नव्हता. साच्यातले ते दोन केस चेहऱ्याच्या भुवईत चिकटून आले होते; त्यांच्यासकट तो चेहरा त्याने मातकट रंगाने रंगवला आणि मानेखाली सत्तेचाळीस आकडा घातला.

सोमवारी तज्ज्ञ आले. बेचाळीस बघितले, त्रेचाळीस बघितले, मान डोलावत पुढे सरकले आणि सत्तेचाळीसपाशी थबकले. चिमटा मागवला. नाकाचा आकडा आला एक्याण्णव. तज्ज्ञ थोरल्या साहेबांना काहीतरी म्हणाले, साहेबांचा चेहरा फुलला. मागे फडकं घेऊन उभ्या असलेल्या साचेवाल्याला त्यांनी मोठ्या मनाने उलगडून सांगितलं: "ते म्हणतात, हा अगदी शुद्ध नमुना आहे. मिश्रणाचा मागमूस नाही. आणि चेहऱ्यावरची ती आदिम शांती बघ. विचारांचा स्पर्शच नाही!"

घरी येऊन त्याने हे बायकोला सांगितलं. ती आधी पोट धरून हसली. "शुद्ध? माझ्या सासूने मला जन्मात कधी शुद्ध म्हटलं नाही. आणि विचारांचा स्पर्श नाही? अहो, दूध उतू गेलं होतं माझं! तेवढाच एक विचार होता डोक्यात!"

वर्षभराने थोरल्या साहेबांचा ग्रंथ छापायला आला. छापखाना तोच. फर्मे दुमडता दुमडता साचेवाल्याच्या बायकोच्या हातात फलक सात, म्हणजे सातव्या चित्राचं पान, आला आणि तिचीच तिच्याशी नजरानजर झाली. डोळे मिटलेले, पण ओळख पटायला डोळे लागत नाहीत. खाली छापलेलं: 'ऑस्ट्रेलॉइड, आदिम उपप्रकार, स्त्री.' तिने प्रुफं तपासणाऱ्या म्हाताऱ्याला विचारलं, "भाऊ, या शब्दाचा अर्थ काय?"

तो चष्मा कपाळावर नेऊन म्हणाला, "शेवटच्या 'ऑइड'चा अर्थ 'सारखा'. म्हणजे ऑस्ट्रेलियाच्या मूळच्या माणसांसारखा."

"म्हणजे तिथला?"

"तिथला नव्हे. सारखा."

"मग आपला असून सारखा का? तो स्वतःसारखा नसतो का?"

"बाई, पुस्तक साहेबांचं आहे. मी फक्त ऱ्हस्व-दीर्घ बघतो."

त्या दिवशी तिने स्वतःला अकराशे वेळा दुमडलं. हसून सांगायला सुरुवात केली होती तिने घरी, पण मध्येच थांबली. म्हणाली, "माझं सोडा हो. मी निदान हसून घेतलं. ती खरी बाई कुठे असेल, जिचा हा नंबर होता? तिला ठाऊक तरी आहे का, आपण कुणासारख्या आहोत ते?"  साचेवाल्याने पाण्याचा तांब्या उचलून तोंडाला लावला. तहान लागली नव्हती.

पुढच्या वर्षी त्यांना मुलगी झाली. ती दोन वर्षांची असताना आईला कावीळ झाली आणि तीन आठवड्यांत बाई गेली. घरात फोटो एकच: छापखान्याच्या ओळखपत्रावरचा, नखाएवढा, त्यावर नेमका कपाळावरून हनुवटीपर्यंत शिक्का.

एव्हाना चेहरे काढायचं काम बंद पडलं होतं. साचेवाल्याला दालनात रखवालदार केलं होतं. रोज सकाळी तो कपाटं उघडून चेहरे पुसायचा. सगळे सुक्या फडक्याने, सत्तेचाळीस मऊ कापसाने. तुम्ही विचाराल, कारागीर माणूस, स्वतःच्या हाताने तिची दुसरी प्रत का नाही काढली? त्यासाठी तिच्या तोंडावर पुन्हा प्लास्टर घालावं लागलं असतं. "एकदा दाबलं तेवढं पुरे," तो म्हणायचा. मग उचलून का नाही नेली? तर त्यालाही त्याचं उत्तर तयार होतं: "चोर म्हणून नेणार नाही. नवरा म्हणून नेईन. तिला काय भंगारात घेतलीय?"

रविवारी तो मुलीला घेऊन यायचा. कडेवर घेऊन काचेपुढे उभा राहायचा. "ही बघ आई. झोपलीय." मुलगी काचेला ओठ लावायची. काच पुसायचं काम त्याचंच होतं, त्यामुळे तक्रार करायला कुणी नव्हतं.

मग मुलगी वाचायला शिकली.

चौथीत तिची शाळा सहलीला तिथेच आली. ही मैत्रिणींना ओढत कपाटापाशी घेऊन गेली. "ही माझी आई." मागून बाईंनी येऊन पाटी मोठ्याने वाचली: "ऑस्ट्रेलॉइड, आदिम उपप्रकार, स्त्री. मुलांनो, आदिम म्हणजे?" वर्गातल्या हुशार पोराने हात वर केला. "मागासलेले, बाई. रानटी." "शाब्बास!" त्या दिवसापासून शाळा संपेपर्यंत मुलीचं नाव 'नमुना' पडलं. घरी येऊन तिने बापाला एवढंच विचारलं, "तुम्ही रोज तिथे असता ना? मग ती पाटी का नाही काढलीत?"

आहे उत्तर तुमच्याकडे? त्याच्याकडे होतं, पण ते मुलीला सांगण्यासारखं नव्हतं. पाटी काढायची तर खोटं उघडं करायचं. खोटं उघडं झालं तर नोकरी जाणार, आणि साहेबांच्या ग्रंथाचा फलक सात आणि त्यावर उभं केलेलं अख्खं प्रकरण कोसळणार. नाक मुठीत धरून जगणं म्हणतात ते हेच. मुलगी पुन्हा संग्रहालयात आली नाही.

पाट्या मात्र बदलत राहिल्या. दुनियेत वारं फिरलं. शहाण्या लोकांच्या लक्षात आलं, की माणसांचे असे वंश-बिंश रक्तात कुठे सापडत नाहीत, आणि चिमट्याच्या जोरावर किती लोकांचे गळे कापले गेले. मग वरून हुकूम आला: ऑस्ट्रेलॉइडवर 'आदिम जमात' चिकटवा. काही वर्षांनी: आदिम जमातीवर 'डोंगरी समुदाय' चिकटवा. चिकटवायचं काम साचेवाल्याचंच. डिंकाची बाटली घेऊन तो एका शब्दावर दुसरा शब्द थापायचा. जुना काढायचा हुकूम कधीच आला नाही. कागद हळूहळू पुठ्ठ्याएवढा जाड झाला. ओल्यावर ओला थर घातला की खालचं दबतं, हे त्याच्याइतकं कुणाला कळणार?

तो निवृत्त झाला. थोरले साहेब त्याआधीच हार घातलेल्या फोटोत जाऊन बसले होते. मुलगी बत्तीस वर्षांची झाली, चष्म्याच्या दुकानात कामाला लागली, लोकांच्या तोंडावर फ्रेमा बसवून द्यायच्या कामाला. एके दिवशी तिनेच पेपरातली बातमी बापापुढे टाकली: संग्रहालयाच्या नव्या संचालक बाई जुन्या अपमानास्पद शब्दांना मूठमाती देणार, आणि प्लास्टरचे चेहरे ज्यांचे त्यांच्या माणसांना सन्मानाने परत करणार. 'वारसांनी अर्ज करावेत.'

"जाताय का?" ती म्हणाली.

"तू येशील?"

ती चष्म्याची काच पुसायला लागली. "त्या चेहऱ्याहून मोठी झालेय मी आता," ती म्हणाली. "एकदा समोरासमोर बघायचंय. मधे काच नको."

समितीची बैठक दालनातच भरली. लांब टेबल, पाण्याच्या बाटल्या, मधोमध मखमलीवर सत्तेचाळीस नंबर. एका बाजूला संचालक बाई आणि त्यांचा तरुण संशोधक. दुसऱ्या बाजूला डोंगराकडून आलेली एक शिक्षिका, तिच्या लोकांच्या वतीने. टेबलाच्या टोकाला साचेवाला आणि त्याची मुलगी. संचालक बाई आवाज मधात बुडवून म्हणाल्या, "काका, सगळ्यात आधी सांगते, ते जुने शब्द आम्ही आता इथे उच्चारतही नाही."

"शब्द नका उच्चारू," साचेवाला म्हणाला. "बायको द्या."

आणि त्याने सगळं सांगितलं. उंबरा, चौदा तुकडे, रविवार, दूध, ओल्यावर ओला थर. पस्तीसेक वर्षं गिळलेलं पाच मिनिटांत बाहेर आलं. 

"पण काका," संचालक बाई हळूच म्हणाल्या, "तुम्हीच म्हणताय की तेव्हा तुम्ही फसवलंत. मग आता खरं बोलताय हे आम्ही कशावरून मानायचं? नोंदवहीत तर स्पष्ट लिहिलंय, सत्तेचाळीस, डोंगराकडची स्त्री."

"नोंदवहीत ती ऑस्ट्रेलॉइडपण आहे. ते नाही ना मानत तुम्ही? मग अर्धीच वही खरी कशी?"

ओळखपत्रावरचा फोटो पुढे आला. शिक्क्यामागे कोण आहे ते देवालाही सांगता आलं नसतं. तेव्हा तरुण संशोधक चुळबुळत म्हणाला, "मॅडम, फक्त खात्रीसाठी... त्यांची मुलगी इथेच आहे. आई-मुलीत काही साम्य..." तो उठला, कोपऱ्यातलं कपाट उघडलं, आणि खणातून काय काढलं म्हणता? पितळी चिमटा. तोच. चकचकीत पुसलेला.

शब्दांना मूठमाती देणाऱ्यांनी चिमट्याला रोज तेलपाणी केलं होतं.

"माझं नाक मोजणार?" मुलगी म्हणाली.

"तुमची हरकत नसेल तर. अगदी सन्मानपूर्वक."

साचेवाला उठून उभा राहिला, खुर्ची मागे कलंडली. "अरे, लाज नाही वाटत? तिच्या अंगाला हात..."

"बाबा, बसा." तिने चष्मा काढला. "मोजा. चौथीपासून वाट बघतेय मी, कुणीतरी मोजेल म्हणून."

आकडा आला बहात्तर. चेहऱ्याचा एक्याण्णव. संशोधकाने दोन्ही आकडे कागदावर लिहिले आणि कागद बाईंकडे सरकवला. एखादा पापभीरू माणूस कुणाच्या मयताची बातमी देतो, तसा.

"दिवसाला तीस नाकं माझ्या हाताखालून जातात," मुलगी चष्मा चढवत म्हणाली. "हे नाक जन्माचं नाही, दाबलेलं आहे. वरचं हाड बघा, अरुंद आहे. फ्रेम बसेल ती वर, खाली घसरणार नाही. माझ्यासारखीच. शेंडा तेवढा चपटलाय. विश्वास नसेल तर डाव्या भुवईत बघा. रंगाखाली दोन केस आहेत तिचे. ते तपासा, माझे तपासा. संपला विषय."

डोंगराकडची शिक्षिका उठली. तिने वाकून चेहरा निरखला. मग म्हणाली, "ही आमची वाटत नाही मला. देऊन टाका यांना." आणि साचेवाल्याकडे वळली. "पण आजोबा, मग आमची कुठे आहे?"

"तुटली."

"तुकडे?"

"मागे खड्ड्यात. आता तिथे गाड्या लावतात. वरून डांबर आहे."

"तिचं नाव?"

त्याने मान खाली घातली. "विचारलं नव्हतं."

शिक्षिकेने ओरडून शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. ती फक्त म्हणाली, "तुमच्या मुलीला निदान कपाट होतं, आजोबा, पुढे उभं राहायला. तिलाही मुलगी असेल." आणि जागेवर जाऊन बसली. साचेवाल्याला आयुष्यात कुणी इतकं सरळ मारलं नव्हतं. बायको असती तर तीही हेच बोलली असती, किंबहुना छापखान्यातून आली त्या दिवशी बोललीच होती.

पंधरा दिवसांनी निकालाचं पत्र आलं. भाषा अशी सभ्य, की वाचताना आपणच माफी मागावी. समुदायाच्या प्रतिनिधींनी वस्तू आपली असल्याचं नाकारलं आहे. अर्जदारांशी मापं जुळत नाहीत. म्हणून मूळ 'अज्ञात'. शिवाय अर्जदारांनीच सांगितल्याप्रमाणे वस्तूत मानवी केस आढळले आहेत. त्यामुळे ती यापुढे प्रतिकृती नसून 'मानवी अवशेष' ठरते. मानवी अवशेषांच्या सन्मानासाठी त्यांतून नमुना काढून तपासणी करता येत नाही, ते प्रदर्शनात ठेवता येत नाहीत आणि मूळ अज्ञात असेल तर कुणाला सोपवता येत नाहीत. तरी वस्तू पेटीबंद करण्यात आली आहे. कळावे.

म्हणजे बघा, काय मिळवलं? ती 'आदिम' होती तोवर तिचा नवरा तिला रोज पुसत होता, तिची मुलगी तिच्या काचेचे मुके घेत होती. आता तिच्यावर एकही वाईट शब्द नाही. एकही शब्दच नाही. तळघरात लाकडी पेटी, वर सत्तेचाळीस, खाली 'अज्ञात', आणि लाल अक्षरांत 'उघडू नये'. शब्द बदलणाऱ्यांना पुरस्कार मिळाला. संचालक बाईंचा फोटो पेपरात आला. मागे चारही कपाटं रिकामी दिसत होती, एकदम स्वच्छ.

साचेवाला आता अठ्ठ्याहत्तर वर्षांचा आहे. संग्रहालय हल्ली रविवारीही उघडं असतं; दर रविवारी तो तिकीट काढून तिथे जातो. पूर्वीच्या आपल्या स्टुलावर नवा रखवालदार असतो, त्याला विचारतो, "सत्तेचाळीस कशी आहे?" तो पोरगा आधी हसायचा. आता म्हणतो, "बरी आहे आजोबा, कोरडी आहे. तळघरात ओल नाही." मग साचेवाला मागच्या बाजूला जातो आणि गाड्या लावायच्या जागी, डांबराच्या एका ठराविक तुकड्यापाशी थोडा वेळ उभा राहतो. गाडीवाले हॉर्न वाजवतात. तो हलत नाही. मुलीने चौथा अर्ज केला आहे. त्यात या वेळी दोन मागण्या आहेत: पेटी उघडा, आणि डांबर उखडा.

त्या बाईचं, त्याच्या बायकोचं नाव इथे छापलेलं नाही, हे तुमच्या लक्षात आलं असेल. मुलीने बजावून सांगितलंय: आधी पेटीवर लिहिलं जाईल, मग कागदावर. आणि दुसरीचं नाव तर कुणालाच ठाऊक नाही.

तेव्हा एवढं करा. तुमच्या शहरात असलं एखादं संग्रहालय असेलच. जा तिथे. पाटीवर जुना शब्द आहे की नवा, हे वाचून खूश किंवा नाराज होऊन परत येऊ नका. कुठल्याही चेहऱ्यापुढे, कवटीपुढे, नाही तर रिकाम्या कपाटापुढे उभे राहा. तिथल्या माणसाला विचारा, "हिचं नाव काय होतं?" ठाऊक नाही म्हणाला, तर त्याच्या साहेबाला विचारा. आणि उत्तर मिळेपर्यंत तिथून हलू नका.